शिराझची अकरा मिनिटं

तिच्याबद्दल वर्तमानपत्रात काहीही छापून आलं की पहिलं वाक्य ठरलेलं असतं: 'इराणमध्ये जन्मलेली दिग्दर्शिका तराने दश्ती.' आठ वर्षांची असताना ती या गोथेनबर्ग शहरात आली. बत्तीस वर्षं इथे राहते, इथेच शिकली, इथेच कर भरते. तिच्या वर्गातल्या एखाद्या स्वीडिश मुलाचा सिनेमा आला तर तो कुठे जन्मला हे कुणी छापत नाही. आणि तिकडे इराणात तिचं नाव आलंच, तर लिहितात 'परदेशस्थ'. म्हणजे इथे ती तिथली आणि तिथे ती इथली. चाळिशीच्या बाईला दोन्हीकडून उंबऱ्यावर उभं करून ठेवायचं आणि वर समीक्षणात लिहायचं की हिच्या सिनेमात दारं फार असतात.

मी जन्मभर शिक्षक होतो. राग गिळायची सवय आहे. पण ही गोष्ट सांगताना तो गिळणार नाही, आणि त्यातला काही माझ्याच वाट्याचा आहे, तोही सांगेन.

तराने माझी विद्यार्थिनी. दर शनिवारी दहा वाजता एका शाळेच्या तळघरात मी आमच्या इराण्यांच्या मुलांना फारसी लिहायला-वाचायला शिकवायचो. पहिल्या दिवशी ती आईचं बोट धरून आली. बाकीची मुलं या देशाच्या रिवाजाप्रमाणे बसल्या जागेवरून मला सरळ नावाने हाक मारायची. ही मात्र उठून उभी राहिली, तर्जनी वर केली आणि म्हणाली, "आगा, इजाजे?" सर, परवानगी आहे? इराणातल्या शाळेत मूल असंच विचारतं. मी ते कितीतरी वर्षांनी ऐकत होतो. तिला फक्त पेन्सिलीला टोक करायचं होतं.

त्या वर्षी मी मुलांना आपापल्या घराचं चित्र काढायला सांगितलं. कुणी लाल छप्पर काढलं, कुणी आठ मजली इमारत. तरानेने एक लांबलचक व्हरांडा काढला आणि त्याला ओळीने चौदा दारं.

"यातलं तुझं कुठलं?" मी विचारलं.

"सातवं. पण त्याची कडी लागत नाही, आगा."

"छान काढलंयस," मी म्हणालो आणि खाली सही केली. मी शिराझचा. तो व्हरांडा मी ओळखला होता. शेजारच्या देशाशी झालेल्या युद्धात सरहद्दीवरच्या आबादानहून निघालेल्या लोकांना शिराझमध्ये एका वसतिगृहात ठेवलं होतं, तो तिथला होता. तरी मी पुढे एक शब्द विचारला नाही. हे लक्षात ठेवा, पुढे लागेल.

बाविसाव्या वर्षी तिने पहिला सिनेमा केला, बारा मिनिटांचा. आमच्या वस्तीत तेव्हा कितीतरी जणांनी आडनावं बदलली होती, कारण खरं आडनाव लिहिलं की नोकरीच्या अर्जाला उत्तरच येत नसे. तरानेने त्यांची दारं वाजवली, जुनी पाटी हातात धरायला लावली आणि कॅमेऱ्यासमोर आपलं नाव मोठ्याने म्हणायला सांगितलं. एवढंच. एक गृहस्थ तीनदा म्हणाले आणि तिसऱ्यांदा स्वतःच्या नावाशी अडखळले. त्यावर आमच्याच लोकांनी तिला फैलावर घेतलं. घरचं धुणं चव्हाट्यावर कशाला, म्हणे.

पुढचा सिनेमा खरोखरच धुण्याचा होता. इथे प्रत्येक इमारतीच्या तळाशी सगळ्यांचं मिळून एक धुलाईघर असतं आणि कुणी कधी धुवायचं याचा फळा असतो. त्या फळ्यावरून जगातली सगळी भांडणं होऊ शकतात. तराने अनुदान मागायला गेली तेव्हा समोरच्या अधिकारी बाईंनी विचारलं, "या बायका डोक्याला रुमाल बांधतील का?"

"त्या सकाळी सातला धुणं घेऊन आल्यात. पायजम्यात आहेत."

"तेच म्हणते मी. त्या कुठून आल्या ते प्रेक्षकाला कळायला नको?"

"तिसऱ्या मजल्यावरून," तराने म्हणाली.

अनुदान मिळालं नाही. वृद्धाश्रमात नोकरी करून तिने तो सिनेमा पुरा केला. तिसरा केला तो आमच्यातल्या म्हाताऱ्यांवर, आपल्याला कुठल्या मातीत पुरावं याबद्दल त्यांच्यात चालणाऱ्या वादावर. तो चार देशांत दाखवला गेला आणि चारही ठिकाणी तिला एकच प्रश्न आला: या सगळ्यात तुझी जखम कुठली? जखम दाखवल्याशिवाय आत घ्यायचंच नाही असा जणू नियम होता. डॉक्टरसुद्धा आधी नाव विचारतो.

चौथा सिनेमा मोठा होता, दीड तासाचा, आणि तो तिच्या आईवर होता.

आफाग खानम, म्हणजे आफागबाई, आबादानला भूगोल शिकवायच्या. इथे आल्यावर बावीस वर्षं शाळा झाडल्या, ज्या वर्गांत नकाशे टांगलेले असत तेच वर्ग. आबादानच्या माणसाची बढाई आमच्यात प्रसिद्ध आहे, आणि काळा चष्माही. आफाग खानम ढगाळ दिवसातही चष्मा लावून ट्राममध्ये चढतात. कुणी विचारलं तर म्हणतात, "सवय आहे. आबादानचा सूर्य इथल्यासारखा भाड्याचा नव्हता."

सिनेमात त्या स्वयंपाकघरात बसून मासळी साफ करतात आणि बोलतात. नवरा तेल शुद्धीकरण कारखान्याच्या अग्निशमन दलात होता. शहराला वेढा पडला त्याच्या दुसऱ्या महिन्यात तोफगोळ्याने गेला. दोन वर्षांच्या मुलीला कडेवर घेऊन त्या होडीतून निघाल्या आणि मजल दरमजल करत शिराझला पोहोचल्या. आणि मग येतात शिराझची ती अकरा मिनिटं.

"घरमालकीण म्हणाली, खोली आहे, पण आम्ही जंगजदेंना देत नाही," आफाग खानम खवले काढता काढता सांगतात. जंगजदे म्हणजे युद्धाची झळ लागलेले. शब्द सरकारी कागदावरचा होता, लोकांनी त्याची शिवी केली. "मी म्हटलं, बाई, युद्ध मला लागलंय, पण ते देवीच्या साथीसारखं पसरत नाही. तिने दार लावलं. अशी एकोणतीस दारं. भूगोलवाली आहे ना, मोजल्याशिवाय राहवत नाही. रोटीच्या रांगेत बायका म्हणायच्या, बघा, शहर टाकून पळाले, चष्मा मात्र आणला." त्या हसतात. मग सुरी खाली ठेवतात. "परदेशात परकी झाले त्याचं मला काही नाही. परदेश असतोच त्यासाठी. मी परकी झाले ती माझ्याच भाषेत."

सगळा सिनेमा या वाक्याकडे चालत येतो आणि इथून पुढे जातो. तरानेला तो करायला सहा वर्षं लागली ती या अकरा मिनिटांसाठी. आईने हे तिला आधी कधी सांगितलंच नव्हतं.

निर्माता होता लेनार्ट नावाचा एक माणूस. वाईट नव्हता. वाईट असता तर सोपं झालं असतं. सिनेमा तयार झाल्यावर आफाग खानमनी त्याला जेवायला बोलावलं. मीही होतो. चिंच आणि मेथी घातलेली मासळीची घट्ट आमटी होती, आणि भात. भाताची तळची सोनेरी खरपुडी त्यांनी अख्खी पाहुण्याच्या ताटात घातली.

"नको, खरंच पोट भरलं," लेनार्ट म्हणाला.

"अहो, तुम्ही तर चाखलंच नाहीत." आणखी एक डाव.

"आफाग, मी खरंच सांगतोय."

"लाजू नका, घर तुमचंच आहे." तिसरा डाव.

तो बिचारा खात राहिला. आमच्यात पहिल्या 'नको'ला काही किंमत नसते, दुसऱ्यालाही नसते. तसंच पहिल्या 'हो'लाही नसते. याला आम्ही तारोफ म्हणतो. दुकानदारसुद्धा सामान बांधून झाल्यावर म्हणतो, राहू द्या, पैसे कसले. म्हणून कुणी सामान घेऊन चालायला लागत नाही.

जेवण झाल्यावर लेनार्टने हात पुसले आणि म्हणाला, "तराने, महोत्सवासाठी मी एकदा कापून बघू का? जरा घट्ट करतो. चालेल तुला?"

तरानेने आईकडे पाहिलं. पाहुणा घरात, घरचं मीठ त्याच्या पोटात. त्याला आईच्या देखत 'नाही' म्हणायचं कसं? "तुम्ही म्हणाल तसं," ती म्हणाली. "तुमच्याहून जास्त कुणाला कळतं."

आता याला उत्तर असतं. छे छे, सिनेमा तुझा, मी कोण कापणारा, असं म्हणायचं असतं. मग खरं बोलणं सुरू होतं. लेनार्ट म्हणाला, "छान," आणि पाण्याचा पेला उचलला. त्याचा नकार आम्ही खरा मानला नव्हता आणि तिचा होकार त्याने खोटा मानला नाही. टेबलाशी बसलेलं कुणी दचकलंही नाही, कारण आमच्या दृष्टीने अजून काही ठरलंच नव्हतं.

दुसऱ्या दिवशी त्याने मेल पाठवला: काल ठरल्याप्रमाणे मी सुरुवात करतो. तिने उत्तर दिलं: अर्थात, तुम्ही जाणते आहात. आठवड्याने पुन्हा विचारलं: काही भाग जाईल, हरकत नाही ना? तिने लिहिलं: निर्णय तुमचा. इथल्या शाळेत शिकलेली, इथल्या भाषेत स्वप्नं पाहणारी मुलगी, पण आईच्या टेबलावर झालेली गोष्ट म्हटल्यावर आतून इराणी झाली. तिन्ही वेळा तिला वाटलं, आता हा म्हणेल, नाही, तूच बघ. चौथ्या वेळी विचारायची त्याला गरज उरली नाही.

ऑक्टोबरच्या एका दुपारी ती माझ्याकडे आली. कोट न काढताच खुर्चीच्या कडेवर बसली.

"आगा, शिराझ गेलं."

"म्हणजे?"

"सगळी अकरा मिनिटं. त्याऐवजी नकाशा घातलाय. आईच्या आवाजावर एका नटीचा आवाज चढवलाय. ती म्हणते, मी मुलीच्या स्वातंत्र्यासाठी पळाले."

"तू त्याला सांगितलंस?"

"काल फोन केला. म्हणाला, शिराझचं प्रेक्षकाला कळत नाही, एकाच देशातली माणसं एकमेकांना हाकलतात कशाला, त्याने गोंधळ होतो. आणि मला माझेच मेल परत पाठवले. पिवळ्या रंगाने खुणा करून. 'निर्णय तुमचा.' 'तुम्ही जाणते आहात.'" ती हसली, पण हसण्यासारखं तोंड नव्हतं. "कायद्याने मी होय म्हटलंय. तीनदा."

"आईला माहीत आहे?"

"कसं सांगू? तिच्या जेवणात झालं हे. ती म्हणेल माझ्याच भातामुळे झालं. आगा, तुम्ही तिथे होतात. तुम्ही त्याला लिहा ना, की ते तसं नव्हतं. आमच्याकडे त्याचा अर्थ काय होतो ते समजावून सांगा. तुम्ही मुलांना इतकं समजावता."

मी काय करायला हवं होतं ते स्पष्ट आहे. कागद घेऊन लिहायला बसायला हवं होतं. मी चहा केला. म्हटलं, "धीर धर. ज्या माणसाने आईच्या हातचं खाल्लंय, तो समोरासमोर बसल्यावर ऐकेल. अशा गोष्टी लिहून बिघडतात."

"तीन आठवड्यांवर पहिला खेळ आहे."

"धीर धर," मी पुन्हा म्हणालो.

भीड ही भिकेची बहीण म्हणतात. पण मी तरानेला जो सल्ला दिला तो भिडेचाही नव्हता. माझ्या मनात कुठेतरी आलं होतं: अकरा मिनिटंच ना, गेली तर गेली. शिराझबद्दल जगाला हे कशाला सांगायचं. तिने चहा अर्धा ठेवला आणि दार हळू लावून गेली.

पहिला खेळ शनिवारी दुपारी तीनला होता. थिएटर भरलेलं. आफाग खानम पहिल्या रांगेत, चष्मा लावून, नव्या निळ्या कोटात. मी त्यांच्या शेजारी. त्यांना वाटत होतं आपण आपलाच सिनेमा बघायला आलो आहोत.

नकाशा आला. तेहरानवर एक लाल टिंब उमटलं आणि तिथून बाण निघाला तो थेट स्वीडनला. आफाग खानम माझ्याकडे झुकल्या. "हा कुणाचा रस्ता?"

मी पडद्याकडेच पाहत राहिलो.

"मी तेहरानला एक रात्रसुद्धा राहिले नाही," त्या म्हणाल्या. मग पडद्यावर त्यांचेच ओठ हलू लागले आणि भलत्याच बाईचा आवाज यायला लागला, मऊ आणि रडवा. आफाग खानमना स्वीडिश चांगलं कळतं, बावीस वर्षं त्या भाषेत हुकूम ऐकलेत. मासळीवरची सुरी दिसली. सुरी खाली ठेवताना हात दिसला. आणि तिथेच चित्र तुटलं. त्यानंतर त्या एकदाही माझ्याकडे झुकल्या नाहीत. तरानेचं डोकं मला पलीकडून दिसत होतं. तिने ते वर केलंच नाही.

टाळ्या झाल्या. लोक उभे राहिले, काही रडत होते. लेनार्ट मंचावर गेला, तरानेला बोलावलं, मग आफाग खानमनाही हात देऊन वर नेलं. मोठा पुष्पगुच्छ त्यांच्या हातात देत म्हणाला, "आफाग, हा सिनेमा तुझा आहे."

अशा वेळी आमच्या रिवाजाप्रमाणे काय म्हणायचं ते तिथे बसलेल्या प्रत्येक इराण्याला तोंडपाठ होतं. छे छे, माझं काय त्यात, तुमची मेहनत. निदान तीनदा. आफाग खानमनी फुलं मुलीकडे दिली, माईक घेतला आणि आपल्या स्वीडिशमध्ये म्हणाल्या, "ठीक आहे. घेते."

लोक हसले. लेनार्टही.

"तुझं ऑफिस किती वाजता उघडतं?"

"आफाग, आपण नंतर बोलू या."

"नंतर नको. तू सगळ्यांसमोर दिलास. मी नको म्हटलं नाही. म्हणजे आता तो माझा." हसणं हळूहळू विरलं. "नऊ वाजता येऊ? मी पाचला उठलेली असते. पण एक सांगते, तो नकाशा चूक आहे. मी पोरांना भूगोल शिकवलाय. असा नकाशा एखाद्या पोराने काढला असता तर मी त्याला परत काढायला लावला असता, आणि ही तर मोठी माणसं. मी आबादानहून निघाले. आबादान ते शिराझ, शिराझ ते तबरीझ, तबरीझ ते तुर्कस्तानची सरहद्द. मध्ये सहा वर्षं शिराझ. बाणाने ते उडी मारून ओलांडलं." मग त्या तरानेकडे वळल्या आणि फारसीत म्हणाल्या, "माझं शिराझ कुठाय, पोरी?"

सूत्रसंचालिका घड्याळ दाखवत होती. तरानेने फुलं खाली ठेवली.

"कापलं, मामान," ती फारसीत म्हणाली. मग माईकजवळ वाकून तेच स्वीडिशमध्ये म्हणाली. "मी त्यांना तीनदा हो म्हटलं. तुझ्या टेबलावर पाहुण्याला नाही म्हणता आलं नाही, आणि नंतर मला वाटलं ते थांबतील. ही माझी चूक आहे. पण मला 'नाही' म्हणायचं होतं. आज म्हणते. नाही. या सिनेमावर माझं नाव नको."

थिएटरमध्ये कुणीतरी "अरे बापरे" म्हणालं. आफाग खानमनी मुलीकडे पाहिलं. "भातामुळे," त्या म्हणाल्या. मग लेनार्टकडे वळून, "नऊ वाजता. सोमवारी."

सोमवारी त्या गेल्या. चष्मा लावून, तरानेला घेऊन, आणि न बोलावताच आलेले दोन पत्रकार मागे. काय झालं ते थोडक्यात सांगतो, कारण ते सांगताना माझा रक्तदाब वाढतो. लेनार्टने सभ्यपणे कॉफी दिली. करार बाहेर काढला. कराराप्रमाणे सिनेमा त्याचा होता, त्याचा आणि पैसे घालणाऱ्यांचा. पण इतक्या लोकांसमोर दिलेला शब्द होता. तेव्हा त्याने असं केलं: तरानेचं नाव काढलं, आणि तिने केलेला मूळ सिनेमा तिला दाखवायची मुभा दिली. वाचनालयात, शाळेत, वस्तीतल्या सभागृहात. तिकीट लावायचं नाही, महोत्सवात पाठवायचा नाही.

नाव नसलेला सिनेमा पुढे दोन बक्षिसं घेऊन आला. बाण अजून तेहरानहूनच निघतो. एका समीक्षकाने लिहिलं की आईचं मौन फार बोलकं आहे. मौन. ज्या बाईने एकोणतीस दारं मोजून सांगितली तिचं.

नोव्हेंबरच्या एका रविवारी दुपारी आमच्या वस्तीतल्या वाचनालयात मूळ सिनेमा लावला. साठ खुर्च्या मांडल्या होत्या, सगळ्या भरल्या. बहुतेक आमचीच माणसं. पुढे एका टेबलावर आफाग खानमनी केलेली खजुराची वडी होती. शिराझची अकरा मिनिटं सुरू झाली तेव्हा खोलीत खुर्च्या करकरायला लागल्या. संपल्यावर दिवे लागले आणि टाळ्यांऐवजी एक माणूस उभा राहिला. आगा नौबख्त, आमच्या इथला रोटीवाला, शिराझचा.

"आफाग खानम, मान राखून सांगतो," तो म्हणाला, "शिराझची माणसं अशी नाहीत. आमच्याकडे दारात आलेल्या भिकाऱ्यालाही आत घेतात."

"मी भिकारीण नव्हते, आगा. भाडं देणार होते."

"एखाद-दुसरी बाई असेल तशी. म्हणून सगळ्या शहराला..."

"एकोणतीस."

"कुठल्या गल्ल्या? सांगा ना. मला पाठ आहे शिराझ."

"मलाही आहे," आफाग खानम म्हणाल्या आणि बोटांवर मोजत गल्ल्यांची नावं घ्यायला लागल्या. वर्गात नद्यांची नावं सांगावीत तशी, उत्तरेकडून दक्षिणेकडे. कुणी मागून म्हणालं, पुरे झालं, जुन्या गोष्टी उकरून काय मिळतं. तराने भिंतीपाशी उभी होती. ती म्हणाली, "बोलू द्या तिला. एकदा कापून झालंय." खोली तापली होती. तिच्या सिनेमावर अशी भांडणारी माणसं मी पहिल्यांदाच पाहत होतो. आजवर सगळे फक्त हळहळायचे.

सहावं नाव आमच्या गल्लीचं होतं.

मी उठलो तेव्हा काय बोलायचं ते ठरलेलं नव्हतं. माझी तर्जनी आपोआप वर गेली.

"खानम, इजाजे?"

त्या थांबल्या.

"त्या गल्लीत आमचं घर होतं," मी म्हणालो. "गच्चीवर एक खोली होती. तुम्ही आबादानहून आलात त्या हिवाळ्यात ती रिकामी होती."

"अगदी रिकामी?"

"नारिंगाच्या आंबट रसाच्या बाटल्या होत्या."

"किती?"

"चाळीसेक असतील."

"मग जागा कुठून असणार," आफाग खानम म्हणाल्या. कुणी हसलं नाही. नौबख्त हळूच खाली बसला.

"पाच-सहा बायका आल्या होत्या त्या महिन्यात," मी म्हणालो. "विशीतला होतो, दार मीच उघडायचो. म्हणायचो, आई घरी नाही. आई आत असायची, सांगायची तसं सांग म्हणून. तुम्ही त्यांतल्या होतात का, मला माहीत नाही. मी कुणाच्या तोंडाकडे पाहायचो नाही." मग मी तरानेकडे पाहिलं. "तू व्हरांडा काढलास तेव्हा मी ओळखला होता. आणि ऑक्टोबरात तुला धीर धर म्हटलं, ते ही अकरा मिनिटं गेली तर बरं, असं वाटलं म्हणून."

तरानेने माझ्यावरची नजर काढली नाही.

आफाग खानमनी काळा चष्मा काढून टेबलावर ठेवला.

"बोट खाली घ्या, आगा," त्या म्हणाल्या. "परवानगी केव्हाच मिळाली. आता सांगा, दार उघडल्यापासून सांगा. आणि या वेळी कुणी मध्ये कापणार नाही."